कोरे समास

ये बाई, जवळ ये. अशी एक पाय दारात, एक पाय बाहेर ठेवून बोलायची सवय लागली आहे तुला, ती आधी सोड. फोन करतेस तोही तसाच. "आत्या, जेवली का? तब्येत बरी हाये न? बरं ऐक न, ते तीन पुस्तकं पाठवून दे, तुझ्या पेन्सिलीच्या नोंदी पाह्यजे होत्या." झालं, संपलं बोलणं. एवढं मोठं मागणं आणि मागायची रीत अशी, की जशी वाटीभर साखर मागून राह्यली.

महिना झाला, मी तुला "शोधून राह्यली" म्हणते आहे. खोटं बोलते आहे. पुस्तकं कुठे आहेत ते मला ठाऊक आहे. नोंदी कुठे गेल्या तेही ठाऊक आहे. तोंडाने सांगवेना, म्हणून लिहायला बसले. आता बसलेच आहे तर पहिल्यापासून सांगते, कारण तू अर्धं विसरली आहेस आणि अर्धं तुला कधी माहीतच नव्हतं.

दुसरं कोणी हे वाचत असेल तर त्यांच्यासाठी एवढंच, की ही माझी भाची, भावाची मुलगी. हैदराबादला संगणकाच्या मोठ्या कामावर आहे. तिला आता मराठीत पुस्तक लिहायचं आहे: प्रोग्रामिंगच्या भाषा आतून कशा बनतात आणि ज्याला फंक्शनल प्रोग्रामिंग म्हणतात ते काय असतं, हे आपल्याकडच्या पोरींना समजेल असं. प्रकाशक तयार आहे. आणि त्यासाठी जे लागतं ते सगळं माझ्या तीन जुन्या पुस्तकांच्या समासात लिहिलेलं होतं. होतं.

मी घुग्घुसच्या एका शाळेत लिपिक होते. बारावी झालेली, टायपिंग येत होतं, इंग्रजी म्हणाल तर अर्ज लिहिण्यापुरतं. शाळेत संगणक आला, तो शिकवणारा मास्तर सहा महिन्यांत निघून गेला, आणि खोलीची चावी माझ्याकडे आली. शाळा सुटली की मी आत जाऊन बसायची. काय करायचं ते माहीत नव्हतं. नुसती बसायची, धूळ पुसायची. घुग्घुसची धूळ तुला माहीत आहे. सकाळी पुसलं की दुपारी टेबलावर बोटाने नाव लिहिता येतं.

त्या दिवसांत सिमेंटवाल्यांच्या कॉलनीतल्या एका इंजिनियरची बदली झाली. मी शाळेतून चालत येत होते. त्यांच्या फाटकाबाहेर पुस्तकांचा ढीग पडला होता, रद्दीवाल्याची वाट पाहत. वर एक जाडजूड पुस्तक, त्याला कव्हरच नाही. उघडलं तर पानभर कंस. कंसात कंस, त्यात आणखी कंस. मी तिथेच उभी राहून वाचायला लागले. इंजिनियरची बायको बाहेर आली.

"ले जाओ दीदी," ती म्हणाली. "इसने मेरे आदमी का दिमाग खराब किया, अब तुम्हारा भी करेगा."

तिने खरं सांगितलं. दुसरं पुस्तक मला नागपूरच्या फुटपाथवर मिळालं, तिसरं एका कॉलेजच्या ग्रंथालयाने काढून टाकलेल्या ढिगात. तीन पुस्तकं आणि एक शब्दकोश. माझं कॉलेज एवढंच.

पहिली पाच पानं वाचायला मला पूर्ण उन्हाळा लागला. पण एक दिवस उजेड पडला. आपल्याकडे सगळे शिकवतात ते प्रोग्रामिंग म्हणजे हे कर, मग ते कर, या डब्यातलं काढ, त्यात दुसरं भर. त्या पुस्तकातली रीत निराळी. डब्यातलं बदलायचंच नाही. एक गोष्ट आत घातली की एक गोष्ट बाहेर येते, आणि तीच आत घातली की दरवेळी तीच बाहेर येते. जुनं जसंच्या तसं राहतं, नवं वेगळं तयार होतं. मी म्हटलं, अरे, हे तर मला येतं! माझी माय तेंदूपत्ता, बिडीची पानं, बांधायची तेव्हा मी बाजूला बसून हेच पाहत होते. हातात आधी काहीच नाही. मग एक पान, त्यावर दुसरं, प्रत्येक पानागणिक हातातला पुडा थोडा वाढतो, पानं संपली की जे हातात राहतं तो पुडा. पुस्तकात यालाच 'फोल्ड' म्हणतात आणि दोन पानं इंग्रजीत समजावून सांगतात. मी बाजूला समासात लिहिलं: "रिकाम्या हाताने सुरू कर. एक एक पान घे. संपलं की थांब. हातातलं दे." पेन्सिलीने.

पेन्सिलीने का, ते सांगते. तुझ्या पणज्याने बौद्ध धम्माची दीक्षा घेतली तेव्हा घरातले देव वैनगंगेत सोडले आणि देवाच्या कोनाड्यात एक पुस्तक ठेवलं. त्याला वाचता येत नव्हतं. पण आंघोळ केल्याशिवाय त्या पुस्तकाला तो हात लावू देत नव्हता. माझ्या बापाला वाचता येत होतं, त्याचा नियम वेगळा: पुस्तकावर शाई चालवायची नाही. पान दुमडायचं नाही, थुंकी लावून पलटायचं नाही, उशाशी ठेवायचं पण पायथ्याशी नाही. आमच्यासारख्यांना अक्षर किती उशिरा मिळालं, त्याला शाईने खराब करणारे आपण कोण? मी शाळेत एकदा मराठीच्या पुस्तकावर पेनाने माझं नाव टाकलं होतं, तर बापाने दोन दिवस माझ्याशी बोलणं सोडलं होतं. म्हणून पेन्सिल. कडक शिशाची, मऊ नाही, बारीक अक्षर काढणारी. तीस वर्षांच्या नोकरीत मी शाळेच्या रजिस्टरात काय लिहिलं ते मला आठवत नाही. पण त्या समासांत काय लिहिलं, ते पानाच्या कोणत्या बाजूला होतं तेही डोळ्यांपुढे आहे.

मग तू आलीस. तुझा बाप भामरागडला मास्तर, पावसाळ्यात पर्लकोटेला पूर आला की रस्ता बंद, शाळा बंद. भाऊ म्हणाला, "ताई, इले तुझ्याजवळ ठेव, नाईतर हिचे अर्धे वर्ष नदी पाह्यण्यातच जातीन." पाचवीत होतीस. मला मूलबाळ नाही, माझे मालक, तुझे काका, पाळीवर खाणीत, घरात आपण दोघीच. मी शाळेच्या त्या खोलीत बसायची तर तूही बाजूला येऊन बसायचीस.

तुला आठवतं का, आपण भाषा बनवायला घेतली होती? तिसऱ्या पुस्तकात होतं, की माणसं प्रोग्रामिंगची भाषा कशी घडवतात. आधी वाक्याचे तुकडे, मग तुकड्यांचं झाड, मग झाडाचा अर्थ. मी म्हटलं, आपण आपली बनवू. 'जर', 'नाहीतर', 'घे', 'दे'. एकदा नाव ठेवलं की त्याची किंमत बदलायची नाही, हा माझा नियम. तू भांडलीस.

"आत्या, येवढं कडक काऊन? बदलू दे न जरासं!"

"नाई."

"मले बदलायचं असन तं?"

"नवं नाव ठेव."

"तू बी माह्या बापासारखीच हाये," असं म्हणून तू दोन दिवस रुसलीस, आणि तिसऱ्या दिवशी आलीस तेव्हा जुनं न बदलताच तुझा हिशेब सुटला होता. दहावीच्या सुट्टीत तर तू कमालच केलीस. भाषेने स्वतःच स्वतःला चालवायचं, म्हणजे आपल्या त्या चार शब्दांच्या भाषेतच त्याच भाषेला वाचणारा आणि तिचा अर्थ लावणारा प्रोग्राम लिहायचा, असा धडा होता. मी दोन वर्षं त्यावर अडकले होते. तू आठ दिवसांत सोडवलास. पुस्तकाच्या शेवटच्या दोन पानांच्या समासात, चारही बाजूंनी, तुझ्या मुंगीसारख्या अक्षरात. मी खाली लिहिलं होतं: "हे मला सुटलं नाही. हिला सुटलं." हे वाक्य तू कधी पाहिलंस की नाही, मला माहीत नाही.

आता कडू तेवढं बोलते. मागच्या वर्षी तू कुठल्याशा कार्यक्रमात बोललीस, त्याचा व्हिडिओ शेजारच्या पोरीने मला दाखवला. खोलीत सहा-सात बायका होत्या. मीच बोलावलं होतं, माझी भाची पाहा म्हणून. समोरच्याने विचारलं, हे सगळं कुठे शिकलात? तू हसून म्हणालीस, मी सेल्फ-टॉट आहे, स्वतःच शिकले. बायकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. पुढे शेजारीण म्हणाली, "तुमी तं म्हणत होत्या, मी शिकवलं!" मी म्हटलं, "अवं, तसंच म्हणावं लागते तिकडं." बाई, स्वतः शिकणं काय असतं ते मला विचार. रद्दीतून पुस्तक उचलून, शब्दकोश मांडीवर घेऊन, एकही माणूस विचारायला नसताना. तुला विचारायला मी होते. मी तुला हे सुनावलं नाही, आणि तेव्हा वाटलं, जाऊ दे, समासात आहे न. कोणी पुस्तक उघडलं की त्याला दिसेल कोण कोणाला शिकवत होतं.

आणि तीच पुस्तकं मी हातची घालवली. तुला दोष देईन, पण अर्धाच. त्याआधीच्या उन्हाळ्यात तू आलीस, घरात वाळवी पाहिलीस, आणि म्हणालीस, "आत्या, हे विहारातल्या लायब्ररीत देऊन टाक. तुझ्या नावाने अलमारी होईल." तू बोलून विसरलीस, आणि मी खरंच देऊन टाकली. मी नाही म्हणायला हवं होतं. पण खरं सांगते, मला अलमारीवर माझं नाव पाहिजे होतं. निवृत्त झाल्यावर शाळेने मला एक शाल दिली होती, आणि साहेबांनी भाषणात माझं नाव चुकीचं घेतलं होतं. विहारात पौर्णिमेला कार्यक्रम झाला, मेणबत्त्या लावल्या, बायकांनी मला फुलं दिली. लायब्ररी सांभाळणारे भाऊ, खाणीतून निवृत्त झालेले, अतिशय सरळ माणूस, त्यांनी माझ्या पुस्तकांना दोन्ही हातांनी उचलून कपाळाला लावलं. मी रडले. आनंदाने.

तुझा फोन आला त्याच्या दुसऱ्या दिवशी मी विहारात गेले.

"या बाई, या. आपली अलमारी पाहाले आल्या का?"

"पुस्तकं न्यायची आहेत, भाऊ. महिनाभरासाठी. भाची मागून राह्यली."

भाऊंचा चेहरा उतरला. "दान केलेलं वापस? लोकं काय म्हणतीन बाई? इथीच बसून पाहा न. चहा सांगतो."

त्यांनी हात धुतले, कोरडे केले, मग कुलूप उघडलं. काचेच्या आत पांढरं कापड अंथरलेलं, त्यावर माझी तीन पुस्तकं. जिल्द नवीन, वरून प्लास्टिक, पाठीवर क्रमांक. भाऊ खूश होऊन माझ्याकडे पाहत होते.

"ओळखू येतेत का? पोरीहीनं सुट्टीत दहा दिवस बसून साफ केले. पानोपानी. तुमच्याकडं शिकवणीले लेकरं येत असन न, त्याहीनं चितारून ठेवलं होतं सारं. एक बी डाग ठेवला नाई."

मी पहिलं पुस्तक उघडलं. समास कोरे. दुसरं उघडलं. कोरे. खोडरबराने घासून घासून कागद तेवढ्या पट्ट्यात पांढरा आणि केसाळ झाला होता. तिसऱ्याची शेवटची दोन पानं मी मुद्दाम सगळ्यात मागून पाहिली. त्या पानांवर तर त्यांनी जास्तच मेहनत घेतली होती, कारण तिथे सगळ्यात जास्त लिहिलेलं होतं.

दोन पोरी दारात येऊन उभ्या होत्या, शाबासकीसाठी. एक आठवीतली असेल. तिच्याच तोंडून निघालं, "आजी, मी म्हटलं होतं भाऊले, हे चितारलं नाई, लिहिलं हाये म्हणून."

"मंग?" भाऊ म्हणाले. "पुस्तकावर कोणी मोठा माणूस लिहिते का? आपल्या घरात लिहिते का कोणी?"

नाही लिहीत, भाऊ. आमच्या घरात कोणीच नाही लिहीत. शाईने.

मी त्या पोरीला विचारलं, "तू वाचलं होतं का काही?"

"एक वाचलं. तेंदूपत्त्याचं. रिकाम्या हातानं सुरू कर, ते."

"समजलं का?"

"तेवढंच समजलं आजी. बाकी छापलेलं इंग्रजी होतं, ते नाई समजलं."

"आणि मग?"

"मंग मिटवलं."

चहा आला. बिस्कीट आलं. मी भाऊंना म्हटलं, छान केलं, नवीन दिसतेत. दुसरं काय म्हणणार? त्या पोरींच्या बोटांना रबराने फोड आले असतील. भाऊंचा कोणता गुन्हा? माझ्या बापाने मला जे शिकवलं, त्यांच्या बापाने त्यांना तेच शिकवलं. आपण पुस्तकाला इतकं वर ठेवलं, इतकं वर ठेवलं, की त्याच्याशी बोलायला कोणी बसलं होतं हे आपल्याला डागासारखं दिसलं. मी जर बापाचं न ऐकता पेन घेतलं असतं, तर आज काही गेलं नसतं. घरी येताना मी मेलेल्या माणसाला मनात शिव्या दिल्या. चांगल्या माणसाला. त्याचाही राग आला, स्वतःचाही, आणि तुझा तर फारच.

तेव्हापासून मी रोज दहा वाजता विहारात जाते. ऊन खिडकीतून आडवं येतं तेव्हा पान तिरपं धरलं की जिथे पेन्सिल दाबून चालली होती तिथे कागदाला खळी दिसते. माझा हात जड होता, म्हणून माझ्या काही ओळी सापडतात. अर्ध्या शब्दावरून पूर्ण शब्द, पूर्ण शब्दावरून आठवण. वहीत उतरवून ठेवते आहे. पहिलं पुस्तक बरंच जमलं. ती आठवीतली पोरगी बाजूला येऊन बसते, तिचे डोळे चांगले आहेत, मला न दिसलेली अक्षरं ती वाचते. मी तिच्याशी गोड बोलते. पण मनातून राग गेलेला नाही, हेही सांगून ठेवते. म्हातारपणी माणूस मोठ्या मनाचा होतो म्हणतात. माझं तसं काही झालेलं नाही.

तुझी दोन पानं मात्र गेली. तुझा हात हलका. कागदावर एक रेघ नाही. मी उन्हात धरलं, दिव्यापुढे धरलं, काचेवर ठेवलं. काही नाही. तो धडा मी पुन्हा सोडवायला बसले. भाषा स्वतःला वाचते तिथपर्यंत येते, आणि एखाद्या नावाची किंमत कोणत्या कंसात शोधायची, आतल्या की बाहेरच्या, तिथे अडकते. तेव्हा दोन वर्षं अडकले होते, आज पुन्हा अडकले, त्याच जागी. तू काय केलं होतंस ते मी तेव्हा समजून घेतलं होतं. आता आठवत नाही. तुला तरी आठवतं का? की तुलाही वाटतं, ते कॉलेजात शिकलीस?

तू म्हणशील, आत्या, ते तर आता कुठेही मिळतं, फोनवर मिळतं. मिळत असेल. पण ते आपल्या चार शब्दांत नाही मिळत. तुझ्या पुस्तकाला जे पाहिजे ते माझ्या समासांत आहे, हे तू स्वतःच मला नंतर एकदा फोनवर म्हणालीस, आणि मला वाटतं तुझ्या तोंडून माझ्याविषयी इतक्या वर्षांत निघालेलं तेवढंच एक चांगलं वाक्य होतं. मला ते पुस्तकाच्या पहिल्या पानावर नको आहे. आभार वगैरे नको. मला तो धडा सुटलेला पाहायचा आहे, माझ्यासमोर, मला कळेल इतक्या हळू. मागच्या वेळी मी तुझ्या खांद्यावरून पाहत होते. या वेळी मला समजेपर्यंत मी विचारणार, आणि तुला सांगावं लागेल.

म्हणून लिहून पाठवू नकोस. ये. रागावलेली आहे म्हणून घाबरू नकोस, रागावलेली आहे म्हणूनच ये, नाहीतर हे माझ्यात असंच आंबून राहील. बल्लारशापर्यंत गाडी आहे, तिथून चंद्रपूर, पुढे बस नाही मिळाली तर ऑटो. चार दिवसांची सुट्टी काढ. आता आंब्याचे दिवस नाहीत, पण तुला आवडते ती झिंग्याची चटणी मी करून ठेवीन. लवकर येजो बाई. लवकर.